एकतीस सेट आणि एक झाडू

गुणाजी मेस्त्रीने पस्तीस वर्षं जे जे उभं केलं, ते ते त्यानेच आपल्या हाताने मोडलं. यात त्याचा दोष नव्हता. आमच्या नाटक कंपनीत तो सेट लावायचा. ट्रकमधून फळ्या, चौकटी, दरवाजे उतरवायचे, दोन-अडीच तासांत स्टेजवर अख्खं घर उभं करायचं. आम्ही नटमंडळी त्या घरात तीन तास राहायचो, भांडायचो, मरायचो, टाळ्या घ्यायचो. पडदा पडला की गुणाजी हातोडी घेऊन ते घर खाली आणायचा.

आमचे फोटो राहिले. माझेच दोन अल्बम भरून आहेत. पण त्या फोटोत माझ्या मागे जो जिना दिसतो, तो कुणी केला हे एकाही फोटोमागे लिहिलेलं नाही. नाटक बंद पडलं की त्या जिन्याच्या फळ्यांचं पुढच्या नाटकात कपाट व्हायचं. कपाटाचं मग देवघर. सेट गेला म्हणून कुणी दोन मिनिटं उभं राहिल्याचं मला आठवत नाही. मीही राहिले नाही.

गुणाजी मूळचा सावंतवाडीकडचा. वडील गिरणीच्या सुतारखात्यात होते आणि मुलालाही तिथेच चिकटवायचा त्यांचा बेत होता. पण एका गणपतीत मंडळाच्या नाटकासाठी या पोराने एक खिडकी करून दिली. आमच्या कंपनीचे मॅनेजर दशरथ सावे ते नाटक बघायला गेले होते. नाटक त्यांना कळलंच नाही म्हणे, ते खिडकीकडेच बघत बसले. प्रयोग झाल्यावर आत जाऊन त्यांनी ती तीनदा उघडली, तीनदा लावली आणि म्हणाले, "ही कुणी केली? त्याला उद्या माझ्याकडे पाठवा." दुसऱ्या दिवशी चोवीस वर्षांचा गुणाजी आला तो कंपनी बंद होईपर्यंत राहिला.

आता तो मुलुंडला राहतो. एका बेडरूमचा फ्लॅट, बायको रुक्मिणी आणि मुलगी श्रुतिका. माझं घर त्याच्यापासून चालत दहा मिनिटांवर. श्रुतिका साकीनाक्याला खोकी छापणाऱ्या एका कारखान्यात डिझाइनचं काम करते. गुणाजीचे दोन्ही गुडघे गेले, जिना उतरणं बंद झालं, तेव्हा तिने ऑफिसात मोडीत निघालेला कॉम्प्युटर घरी आणला आणि त्यात एक गेम घालून दिला. वेळ जाईल म्हणून.

तीन वर्षांपूर्वीची गोष्ट. एक दिवस गुणाजीचा फोन आला. "बाई, सवड असली तर येऊन जा. सेट दाखवायचाय."

मला वाटलं, शाळेच्या स्नेहसंमेलनासाठी काहीतरी करून देतोय. गेले तर हा खुर्चीत ताठ बसलेला. उजव्या हातात माऊस. डाव्या हाताची जाड बोटं कळांवर. समोर पडद्यावर नुसती हिरवी जमीन.

त्या गेममध्ये गोळ्या झाडायच्या नसतात, हे मला आधी समजून घ्यावं लागलं. मोकळी जमीन देतात. लाकूड, दगड, लोकर, काच यांचे चौकोनी ठोकळे मिळतात. ते एकावर एक रचून काय हवं ते बांधायचं. आपला एक माणूस असतो, तो त्यातून चालतो.

गुणाजीचा माणूस चालत एका इमारतीपाशी आला. तिकीटखिडकी. आत पाय ठेवला तर प्रेक्षागृह. लाल खुर्च्या. लाल लोकरीचा पडदा. पडद्यामागे स्टेज, विंगा, वर दोऱ्यांचा माळा. स्टेजच्या मागच्या दारातून तो मला एका लांबलचक शेडमध्ये घेऊन गेला. शेडला दोन्ही बाजूंनी गाळे होते. पहिल्या गाळ्यात माझं स्वयंपाकघर होतं.

सुईणीच्या नाटकातलं स्वयंपाकघर! एकशे ऐंशी प्रयोग मी त्या घरात काढले होते. चुलीमागची भिंत धुराने काळी होती, तशीच काळी. फडताळ जरा उजवीकडे कललेलं होतं, तसंच कललेलं. दुसऱ्या गाळ्यात वकिलाची कचेरी, तिसऱ्यात हॉस्पिटलची गॅलरी. प्रत्येक गाळ्यात एक पूर्ण सेट, दिव्यासकट, उभा. मी पदराने डोळे पुसत होते आणि हा मला मापं सांगत होता.

"गुणाजी," मी म्हटलं, "अरे, हे सगळं मोडायचं कधी?"

"हे नाय मोडायचं, बाई." तो माझ्याकडे न बघता म्हणाला. "इथे ट्रक येत नाय."

तेवढंच बोलला. पण पस्तीस वर्षं त्याच्या मनात काय साठलं होतं ते मला त्या दिवशी कळलं आणि माझी मलाच लाज वाटली.

तीन वर्षांत एकतीस गाळे भरले. आमच्या कंपनीची एकूण बत्तीस नाटकं. शेवटचा सेट बाकी होता. तो लावता लावता यंदा गेमने संप पुकारला. जागा संपली, म्हणे. बांधलेलं जतनच होईना. कॉम्प्युटरच्या आत ज्या डिस्कवर हे सगळं होतं ती काठोकाठ भरली होती. श्रुतिकाने साकीनाक्याहून दुसरी मोठी डिस्क आणली, कॉम्प्युटरचं झाकण उघडून आत बसवली आणि बजावलं, "बाबा, गेम या नव्या डिस्कवर हलवायला लागेल. रविवारी मी करते. तोपर्यंत हात लावू नका."

झालं. गुणाजीला सेट हलवायला कुणीतरी शिकवणार!

गुरुवारी सकाळी अकराला मला फोन. "बाई, आज शिफ्टिंग. तुम्ही हव्यात. नव्या थिएटरचा नारळ कंपनीतल्या माणसाच्या हातून फुटूदे."

मी साडी बदलून गेले. कॉम्प्युटरचा डबा टेबलावर, त्याला हळदीकुंकू. शेजारी केळ्यात खोचलेल्या दोन उदबत्त्या. रुक्मिणी दारातच कमरेवर हात ठेवून उभी होती.

"बघा बाई, बघा. त्या डब्याक आग लागली तर माझो ओटो पण जळतलो."

"तू गप गो," गुणाजी म्हणाला. "नव्या जागेत उदबत्ती नाय लावली तर प्रयोग पडतो."

"प्रयोग? कोणाचो प्रयोग? ह्या घरात एकच नाटक्या आसा, आणि तो तिकिटाशिवाय दिसता."

गुणाजीने काम मात्र चोख केलं. आधी जुन्या डिस्कवरचा गेमचा फोल्डर शोधला. आत किती फाइली आहेत ते बघून कॅलेंडरच्या पानामागे पेन्सिलीने लिहिलं, एकोणचाळीस हजार सहाशे बारा. दौऱ्यावर निघताना तो असाच सेटच्या एकेका तुकड्याचा आकडा लिहायचा. मग फोल्डर नव्या डिस्कवर कॉपी करायला लावला. हिरवी पट्टी मुंगीच्या पावलाने पुढे सरकत होती. पाऊण तास लागला. आम्ही दोघी चहा प्यायलो, पोहे खाल्ले. हा खुर्चीवरून हलला नाही. ट्रक भरत असताना तो कधी चहाला गेला नव्हता.

पट्टी संपली. नव्या डिस्कवरचा आकडा बघितला. एकोणचाळीस हजार सहाशे बारा.

"एक खिळा कमी नाय," तो म्हणाला आणि जुना फोल्डर त्याने उडवला.

आणि इथे मी तोंड उघडलं. मी विचारलं, "झाडू मारलास का रे?"

हे वाक्य माझं नव्हे, दशरथरावांचं. एकदा कोकणात एका शाळेच्या हॉलमध्ये आमचा प्रयोग झाला. सेट उतरवला, ट्रक गेला. स्टेजवर एक खिळा राहिला. दुसऱ्या दिवशी त्याच स्टेजवर एका लहान मुलीचा अनवाणी नाच होता. खिळा तिच्या टाचेत आरपार गेला. ते कळल्यावर दशरथराव परत त्या गावी जाऊन त्या पोरीच्या आईवडिलांच्या पाया पडून आले. त्या दिवसापासून कंपनीचा नियम झाला, ट्रक भरला की सेटवाल्याने स्वतः झाडू आणि बॅटरी घेऊन रिकाम्या स्टेजवर परत जायचं. कोपरान् कोपरा झाडायचा. आपलं म्हणून काही मागे ठेवायचं नाही. गाडी सुटण्याआधी दशरथराव रोज विचारायचे, "झाडू मारलास का?" गुणाजीने "मारला" म्हटल्याशिवाय गाडी हलायची नाही.

मी विचारलं आणि गुणाजीने कानाची पाळी धरली. "विसरलोच की, बाई!"

तो जुन्या डिस्कवर परत गेला. गेमचं नाव टाकून शोध घेतला. जिथे सहसा कुणी जात नाही अशा एका आतल्या कोनाड्यात, कॉम्प्युटर जी जागा लपवूनच ठेवतो तिथे, गेमच्या नावाचा एक फोल्डर निघाला.

"बघा! राहिलेलंच."

"काय आहे त्यात?"

"असतील चिंध्या. माल तर सगळा पोचला, मोजून घेतलाय."

त्याने तो फोल्डर पुसला. मग पडद्यावरची कचऱ्याची टोपली उघडली आणि तीही रिकामी केली. हात झटकले. "झाला झाडू मारून."

मी नारळ फोडला. पाणी वाटीत घेतलं. गुणाजीने नव्या डिस्कवरून गेम चालू केला. ओळखीचं संगीत वाजलं. रुक्मिणीसुद्धा पदराला हात पुसत आत आली.

एरवी या वेळी पडद्यावर त्याच्या थिएटरचं नाव यायचं. त्यावर टिचकी मारली की आत. आज तिथे काहीच नव्हतं. रिकामी चौकट आणि खाली एक ओळ, 'नवीन जग तयार करा'.

गुणाजीने गेम बंद केला. परत चालू केला. तीच ओळ. तिसऱ्यांदा बंद केला, चष्मा पुसला, परत चालू केला.

"बाई," तो म्हणाला, "थिएटर खय गेला?"

माझ्या हातात नारळाची वाटी तशीच होती. त्याच्या चेहऱ्याचा रंग माझ्या डोळ्यांदेखत उतरला. स्टेजवर मी कितीतरी माणसांना धक्का बसताना पाहिलंय, स्वतः बसवून घेतलाय, छातीवर हात मारलाय, मागे कोसळलेय. खऱ्या धक्क्यात माणूस काहीच करत नाही. गुणाजी नुसता बसून राहिला आणि त्याची बोटं कळांवर हलत राहिली, जणू थिएटर तिथेच आहे आणि तो आत चालतोय.

मग तो एकदम जागा झाल्यासारखा करू लागला. गेम पहिल्यापासून परत घालूया, म्हणजे सगळं परत येईल, असं त्याने ठरवलं. भराभर बटणं दाबली. परत ती हिरवी पट्टी, आणि या वेळी जुन्या डिस्कवर. ती निम्म्यावर आली असताना मी भानावर येऊन श्रुतिकाला फोन लावला. मी तीन वाक्यं बोलले असेन नसेन, तिकडून ती ओरडली, "मावशी, वायर खेचा! आत्ताच्या आत्ता! काही विचारू नका, भिंतीतली वायर खेचा!"

मी वायर खेचली. पडदा काळा झाला. त्यावर आमची तिघांची तोंडं दिसत होती.

तासाभरात श्रुतिका आली. पर्स खांद्यावरच, चप्पल पायातच. सगळं ऐकून घेतलं आणि भिंतीला टेकून खालीच बसली.

"बाबा, तुम्ही मोठा फोल्डर नेलात ना, त्यात तुमची करवत होती. हातोडी, रंधा, लाकूड. गेम म्हणजे तुमची हत्यारं. ती कधीही परत मिळतात, फुकट मिळतात. तुम्ही जे बांधलंत ते त्यात नसतं. ते वेगळ्या ठिकाणी असतं."

"कोनाड्यात?"

"कोनाड्यात."

"मग मी हत्यारांचा ट्रक नेला," गुणाजी सावकाश म्हणाला, "आणि एकतीस सेट झाडून टाकले."

श्रुतिकाने पायातली चप्पल काढून बाजूला सरकवली.

"आणि बाबा, हलवायला त्या गेममध्येच एक बटण असतं. ते दाबलं की झालं. मी रविवारी करणार होते. एक बटण!"

"एक बटण?" त्याला ते खरं वाटेना. "मग मोजायचं कोणी?"

रुक्मिणीचा पारा चढला. "आयुष्यभर मोडून झाला, आता ह्यां पण मोडल्यांनी! पोरीन सांगलेला, हात लावू नको..." आणि ती मध्येच थांबली, कारण गुणाजी मान खाली घालून नखाने टेबलाची कड खरवडत होता. तिने नारळाचे तुकडे उचलले आणि आत गेली. त्या खोबऱ्याचा प्रसाद कुणी खाल्ला नाही.

मी म्हटलं, "गुणाजी, झाडू मी आठवला रे. माझी चूक."

"नाय बाई. नियम बरोबरच होता." तो म्हणाला.

दुसऱ्या दिवशी आम्ही तिघं रिक्षाने साकीनाक्याला गेलो. कॉम्प्युटरचा डबा चादरीत गुंडाळून गुणाजीने मांडीवर घेतला होता. प्रत्येक खड्ड्याला तो दोन्ही हातांनी त्याला कवटाळायचा. श्रुतिकाच्या ओळखीचा चंद्रप्रकाश म्हणून एक कारागीर तिथे गाळ्यात बसतो, पुसलेल्या डिस्कवरून माल परत काढून देतो. खाली पत्रे दाबायचं मशीन धाड धाड चालू आणि वर माळ्यावर हा, उघड्या डिस्कांच्या ढिगात, भिंगाचा दिवा लावून. गुणाजीला तो लोखंडी जिना चढवताना आम्हा दोघींना घाम फुटला.

"काका, पुसलं म्हणजे गेलं असं नसतं," चंद्रप्रकाश म्हणाला. "खोलीवरची पाटी फक्त काढतात. सामान आतच असतं. पण तुम्ही काय केलं? पाटी काढली आणि त्याच खोलीत नवीन सामान आणून ओतलं ना! आता खाली काय दबलं, काय वाचलं, देवालाच माहीत. गॅरंटी नाही देणार मी."

"दरवाजे तरी मिळतील?" गुणाजीने विचारलं.

"कसले दरवाजे?"

"बत्तीस होते. एकतीस सेट, त्यात बत्तीस चालते, उघडझाप होणारे दरवाजे. खिडक्या वेगळ्या."

चंद्रप्रकाशने भिंग बाजूला केलं आणि श्रुतिकाकडे बघितलं. ती दुसरीकडे बघत होती. "काका," तो जरा हळू आवाजात म्हणाला, "मंगळवारी या. मी मन लावून करतो."

मधले तीन दिवस मी रोज त्याच्याकडे जात होते. गुणाजी भिंतीकडे तोंड करून पडलेला. रुक्मिणी मला स्वयंपाकघरात ओढून कुजबुजली, "तीन वर्षांत ह्यांनी एकदा पण गुडघो दुखता म्हणून सांगूक नाय, बाई. काल रात्रभर दुखता, दुखता." आणि मग तिने तोंडाला पदर लावला. मी या बाईला टोमण्यांखेरीज दुसरं बोलताना इतक्या वर्षांत ऐकलं नव्हतं.

सोमवारी तो आपण होऊन बोलला, भिंतीकडेच तोंड ठेवून. "बाई, तीन हजारांवर प्रयोग मोडले मी. कधी वाईट वाटलं नाय. उद्या परत लावायचाच असायचा. नाटक बंद झालं की मात्र वाटायचं. एखादा तरी राहूदे. एक तरी. आता एकतीस राहिले होते, तर मीच..."

मंगळवारी संध्याकाळी श्रुतिका डबा घेऊन आली. चंद्रप्रकाशने पैसे फार घेतले नाहीत, म्हणाली, आणि काय वाचलं ते त्याने सांगितलंही नाही. "उघडून बघा," एवढंच म्हणाला.

तिने वायरी जोडल्या. गुणाजी खुर्चीत बसला. रुक्मिणी त्याच्या मागे, खुर्चीच्या पाठीवर हात ठेवून. संगीत वाजलं. आणि त्या रिकाम्या चौकटीत त्याच्या थिएटरचं नाव होतं!

"आलं!" मी ओरडले. मला राहवलं नाही.

"थांबा बाई." त्याने टिचकी मारली.

तिकीटखिडकी होती. बाहेरचे दिवे होते. गुणाजीचा माणूस पायऱ्या चढला, मधलं दार ढकललं. प्रेक्षागृह होतं. लाल खुर्च्या, एक ना एक खुर्ची, रांगेत. रुक्मिणीने देवाचं नाव घेतलं. तो माणूस मधल्या वाटेने पुढे चालू लागला आणि पहिल्या रांगेपाशी थबकला.

स्टेज नव्हतं. तिथे डोंगर होता.

मी माझा चष्मा काढून परत लावला. खरंच डोंगर. हिरवा, गवताचा, अंगावर तीन झाडं, एका कपारीतून पाण्याची धार. करवतीने कापल्यासारखं थिएटर सरळ रेषेत तुटलेलं होतं. अलीकडे खुर्च्या, पलीकडे रान. लाल पडद्याचा अर्धा भाग डावीकडे हवेत लोंबत होता. जिथे विंग होती तिथे एक मेंढी गवत खात होती.

"ह्यां कोणी लावल्यान?" रुक्मिणी म्हणाली.

श्रुतिकाचा आवाज चिरकला होता. "जमीन चौकोनांत जतन होते. काही चौकोन वाचले. जे दबले, तिथे गेमने आपल्या मनाने नवीन जमीन भरलीय. स्टेज... मागची शेड... ते सगळं त्या चौकोनांत होतं, बाबा."

म्हणजे एकतीसही गेले. माझं स्वयंपाकघरही. मी गुणाजीकडे बघायचं टाळत होते.

मग पडद्यावर काहीतरी हललं. गुणाजीचा माणूस उडी मारून डोंगराच्या पायथ्यावर चढला. डाव्या कडेला गेला. तिथून उजवीकडे चालू लागला, एकेक पाऊल, आणि गुणाजीचे ओठ हलत होते. "अठ्ठावीस... तीस... बत्तीस." परत वळला. आता पुढून मागे. "नऊ. पुढे चढ आहे."

मला कळायला क्षणभर लागला. तो माप घेत होता. दौऱ्यावर परक्या गावात पोचलो की आम्ही आधी चहा शोधायचो आणि गुणाजी रिकाम्या स्टेजवर असाच पावलं मोजत फिरायचा.

"बाबा, एक मिनिट द्या," श्रुतिका म्हणाली. "मला एक युक्ती माहितीय, डोंगर सपाट करून टाकते. मग पहिल्यासारखं—"

"थांब गो. त्याला हात लावू नको." त्याने मान वाकडी करून डोंगर न्याहाळला. "एका गावी स्टेजच्या मधोमध झाड होतं, बाई. आठवतं? पत्र्यातून वर गेलेलं. गावकरी तोडू देईनात."

"तू त्याला घरातला खांब केलास. मी त्याला टेकून रडले होते."

"हां." मग म्हणाला, "सुईणीच्या नाटकात तुमची पहिली एन्ट्री कुठून?"

"मागच्या दाराने. हातात कंदील."

"मागचं दार." त्याने डोंगर चढायला सुरुवात केली. "म्हणजे त्या मधल्या झाडाच्या जरा खाली. चूल डावीकडे. धूर वर सुटेल, चांगला दिसेल. आधी नव्हता दिसत, दशरथराव ओरडायचे, धूर प्रेक्षकांत जातो म्हणून."

"पहिलं स्वयंपाकघर तसं नव्हतं, बाबा," श्रुतिका म्हणाली.

"पहिलं गेलं," गुणाजी म्हणाला. त्याने लाकूड घेतलं. एक ठोकळा, त्यावर दुसरा. दोन बाजूंना दोन खांब, वर आडवी तुळई. मग त्यात दार बसवलं. मेंढी मध्ये आली तर तिला हातानेच बाजूला लोटलं. रुक्मिणी म्हणाली, "तिका कशाक ढकलतास, रवांदे तिका," आणि नाक ओढलं.

गुणाजी खुर्चीवरून उठला. उठताना गुडघ्यावर हात ठेवला, तोंड वाकडं केलं. "बसा बाई. उघडून बघा."

"मी? मला नाही येत रे ते माऊस—"

"दार उघडायला काय यायला लागतं? एन्ट्री घ्या."

मी बसले. माऊस हातात घेतला, तो कोमट होता. श्रुतिकाने माझं बोट धरून बटणावर ठेवलं. समोर डोंगर, झाड, आणि त्याखाली ते एकुलतं एक दार. मी दाबलं. दार उघडलं.

"आत नुसता दगड आहे रे, गुणाजी."

"असणारच. उद्यापासून खणायचं. तुम्ही चार वाजता या."